आयने अपील मागे घेतलं

मागच्या शनिवारी आयला घेऊन लोकअदालतीला गेले होते. उत्तनहून सकाळी सातलाच गाडी केली. लग्नकार्याला नेसते ती निळी साडी आयने काढली होती... तिला वाटत होतं, आज जज तिचं म्हणणं ऐकून घेतील.

आय म्हणजे माझी आई, फिलोमिना. पंचवीसेक वर्षं भाईंदर वेस्टच्या मार्केटमध्ये मासे विकायची. गिऱ्हाइकं तिला मौशी म्हणायची आणि ती तोडक्यामोडक्या हिंदीत त्यांच्याशी भावावरून भांडायची.

नऊ वर्षांपूर्वी मार्केटबाहेर रस्ता ओलांडताना एका टेम्पोने तिला उडवलं. डावा खुबा आणि गुडघा, दोन्ही गेले. तीन ऑपरेशनं झाली. आता काठीच्या आधाराने चालते, पण खाली बसता येत नाही... आणि विळीवर बसता आलं नाही तर मासे कापणार कसे?

अपघाताचे दावे चालवणाऱ्या ट्रिब्युनलने भरपाई दिली. पण निकालात लिहिलं, मासे विकत असल्याचा पुरावा नाही, म्हणून अर्जदार गृहिणी आहे असं समजून उत्पन्न कमी धरलं. सर्टिफिकेटवर अपंगत्व चाळीस टक्के, म्हणून नुकसानही चाळीस टक्केच. धंदा मात्र पूर्ण बंद झाला होता.

मासळीवालीकडे पगाराची स्लिप कुठून येणार? साक्ष द्यायला दोन जुनी गिऱ्हाइकं तयार झाली होती. तारखेला एकही आलं नाही. फोन केला तर म्हणे, "बेटा, हमको कोर्ट का लफडा नहीं चाहिए."

निकाल मीच वाचून दाखवला होता. रकमेबद्दल आय काहीच बोलली नाही. "मी काय एवढी वर्षं घरी बसलेली व्हती काय?" एवढंच म्हणाली.

म्हणून आम्ही हायकोर्टात अपील केलं, रक्कम वाढवून मिळावी म्हणून. टेम्पोच्या इन्शुरन्स कंपनीनेही केलं... रक्कम कमी व्हावी म्हणून. दोन्ही अपिलं चार वर्षं पडून होती.

मी काशिमिऱ्याला एका शाळेच्या ऑफिसात काम करते. तारीख लागली की रजा टाकायची, दिवसभर बाकड्यावर बसायचं, आणि संध्याकाळी कळायचं की आज नंबर येणार नाही. सुरुवातीला रडू यायचं. नंतर नंतर तेही येईना.

शनिवारी कंपनीच्या साहेबांनी थोडी वाढीव रक्कम सांगितली. आमच्या वकील मॅडमनी नीट समजावलं. घेतली तर दोन्ही अपिलं आजच संपतील. नाही घेतली तर सुनावणी कधी होईल सांगता येत नाही, आणि कंपनीचं अपील डोक्यावर राहीलच. गुडघ्याचं अजून एक ऑपरेशन डॉक्टरांनी सांगून ठेवलंय, ते मॅडमनाही माहीत होतं.

आयने सगळं ऐकलं. मग विचारलं, "आन् ते गृहिणी लिवलेलं? ते खोडतील काय?"

"नाही हो मावशी," मॅडम म्हणाल्या. "इथे फक्त रकमेची तडजोड होते. निकालातलं तसंच राहणार."

"मंग न्हाय."

साहेब घड्याळ बघत होते. मॅडम माझ्याकडे बघत होत्या. आणि मी... मी आयवर ओरडले. "बस झालं आता, आय! कर ना सही!" शेजारच्या टेबलावरची माणसं वळून बघायला लागली.

आयने माझ्याकडे बघितलं. मग काठी खुर्चीला टेकवली, पेन घेतलं आणि एकेक अक्षर काढत सही केली.

समोरच्या जजसाहेबांनी विचारलं, "राजीखुशीने करताय ना?" आय म्हणाली, "हाय." झालं. दहा मिनिटांत नऊ वर्षं संपली. ती मासे विकायची, हे आता कुठल्याच कागदावर येणार नाही.

परत येताना आय खिडकीबाहेर बघत होती. मला वाटलं, आता ही माझ्याशी बोलणार नाही. घर जवळ आलं तेव्हा मीच विचारलं, "आय, रागावलीस माझ्यावर?"

"न्हाय गो," ती म्हणाली. "मी अजून थांबली असती. पन तू किती थकलीस, ते दिसत व्हतं मला... तुला किती थांबवू?"

नऊ वर्षं मी लोकांना सांगत आले की मी आईसाठी लढतेय. शनिवारची सही मात्र तिने माझ्यासाठी केली. तिचे आभार मानू की माफी मागू, मला अजून कळत नाहीये...