चेअरमनसाहेबांचा लाल फिल्टर

बॉनेटवर तर्जनीने एक रेघ ओढायची, बोट डोळ्यांसमोर धरायचं, धूळ अंगठ्याने चोळायची आणि म्हणायचं, "हवा. सगळा प्रश्न हवेचा आहे."

गाडी कुणाचीही असो. नुकतीच धुतलेली असो, तिचा मालक शेजारी ताटकळत असो. आमच्या सोसायटीचे चेअरमन सकाळी पार्किंगमध्ये उतरले की बॉनेटमागून बॉनेटवर रेघा पडत जायच्या. रेघ कितव्या गाडीपर्यंत आली आहे ते पाहून मी कुठल्या जिन्याने सटकायचं हे ठरवत असे.

तुमच्या इमारतीतही असा एक गृहस्थ असणार. नोकरीबरोबर अधिकार जातो आणि आवाज तेवढा मागे राहतो, अशांपैकी. परळला जिथे आमची चाळ होती तिथेच आता ही वीस मजली इमारत आहे. खालचे मजले आम्हा जुन्या भाडेकरूंचे, वरचे विकलेले. चेअरमन सोळाव्या मजल्यावर, विकत घेतलेल्या जागेत राहत, आणि ही गोष्ट आम्ही विसरू नये याची काळजी घेत. "आमचं लहानपण दादरला. बंगल्यात," असं ते सांगत. पाण्याची टाकी धुण्याचा विषय निघाला तरी सांगत.

"मी मशिनरीतला माणूस," हे त्यांचं दुसरं वाक्य. पुढे त्यांच्याच एका जुन्या सहकाऱ्याकडून कळलं की त्यांच्या खात्यात मशीन एकच होतं, हजेरीचं.

त्यांच्या व्याख्यानाचा विषय मात्र ठरलेला असे. इंजिनाला पेट्रोलबरोबर हवा लागते. ती हवा बॉनेटखालच्या काळ्या डब्यातून येते. त्या डब्यात घड्याघड्यांचा एक चौकोनी फिल्टर असतो आणि धूळ तिथे अडते. संपलं. शाळेतल्या मुलाला हे दोन मिनिटांत समजतं. चेअरमन याला अर्धा तास घेत, त्यात माणसाची फुफ्फुसं येत, प्राणायाम येई, जर्मनी येई. "कागदी फिल्टर म्हणजे गरिबी नव्हे, गरिबीची मानसिकता," असं म्हणून ते माझ्या छोट्या गाडीकडे पाहत.

त्यांची स्वतःची गाडी लांबलचक आणि चंदेरी. दर रविवारी सकाळी ती वरळीच्या समुद्रापर्यंत जाई, दहा मिनिटं समुद्राकडे तोंड करून उभी राही आणि परत येई. एवढ्या प्रवासात फिल्टर खराब करायचा तर वाटेत वाळवंट लागलं असतं. तरी तो वर्षातून दोनदा, पाडव्याला आणि दसऱ्याला बदलला जाई. दसऱ्याला नव्या फिल्टरला हळदकुंकू लागे, झेंडूचं फूल वाहिलं जाई, आणि ते फूल डब्यात जाऊ नये म्हणून पुन्हा काढलं जाई.

आमच्या गाड्या बघायला बाळा येत असे. वय पन्नाशीच्या पुढे, पण मूळचा कणकवलीकडचा, त्यामुळे बाळा तो बाळाच. वडील गिरणीत होते. याने गिरणी बंद पडताना पाहिली आणि पाना हातात घेतला. सगळी हत्यारं स्कूटरच्या डिकीत. त्याची पद्धत साधी. फिल्टर बाहेर काढायचा, तळहातावर दोनदा आपटायचा, आभाळाकडे धरायचा आणि एक डोळा मिटून आरपार बघायचं.

"उजेड दिसता मा? मग हवाय जाता. कित्याक बदलतास?"

जो मेकॅनिक वस्तू विकत नाही त्याच्यावर चेअरमनांचा विश्वास कसा बसणार? "अशा माणसांमुळे गाड्या मरतात," ते म्हणत. पण बोलावत त्यालाच. कारण ते भाषण देत असताना हात चालू ठेवणारा दुसरा कुणी त्यांना मिळाला नव्हता.

त्या वर्षी दसऱ्याआधी फिल्टर निवडायला त्यांनी मला ऑपेरा हाऊसला नेलं. गाड्यांच्या सुट्या भागांच्या त्या दुकानांमध्ये आपल्या गाडीचं नाव आणि वर्ष सांगितलं की दुकानदार न बघता हात मागे नेतो आणि नेमका डबा काढून ठेवतो. चेअरमनांना हे फार सोपं वाटलं. त्यांनी फिल्टरचा वास घेतला. घड्या मोजल्या. खिशातून पट्टी काढून लांबी-रुंदी मोजली, जणू गाडी घरून निघाल्यावर वाढली असेल. मग पुढे झुकून हळूच म्हणाले, "हा समोरचा झाला. आतला दाखवा."

दुकानदाराने त्यांच्याकडे नीट पाहिलं आणि काउंटरखालून एक लाल फिल्टर काढला. परदेशी. कागदाऐवजी सुती कापड, वरून खास तेल. धुवा आणि पुन्हा वापरा.

"हा सगळ्यांना नाही देत, साहेब."

चेअरमन माझ्याकडे वळले. तो चेहरा मी विसरलो नाही. परमवीरचक्र घेतानाही माणूस जरा तरी संकोचतो. घरी आल्यावर त्यांनी फिल्टरच्या कडेवर पेनाने आपली सही केली आणि तारीख घातली. दसऱ्याला बाळाने तो बसवला. "कागदाचो पुरलो असतो," एवढंच तो म्हणाला.

त्याच सुमारास समोरची जुनी चाळ पाडायला घेतली. सिमेंटची धूळ दिवसभर उडायची. आम्ही खिडक्या लावून घेतल्या. चेअरमन मात्र गाडीभोवती येरझाऱ्या घालू लागले. वॉचमनला त्यांनी गाडी रोज पुढून पाण्याने धुवायला लावलं. लाल फिल्टरची त्यांना काळजी वाटत होती. धूळ अडवायला आणलेल्या वस्तूला धूळ लागेल ही काळजी.

दिवाळीनंतर ते गिरगावात एका लग्नाला निघाले. कोट घालून, शेजारी त्यांच्या पत्नी, आमच्या वहिनी. लालबागच्या उड्डाणपुलाच्या चढावर गाडीचा दम गेला. आचके दिले, धूर सोडला आणि बंद पडली. मागे हॉर्नचा कल्लोळ. एक टेम्पोवाला शेजारी थांबून म्हणाला, "काका, धक्का मारतो. पण आधी तुम्ही उतरा, कोटाचंच वजन झालंय." हे आम्हाला वहिनींनी सांगितलं, डोळ्यांतलं पाणी पुसत. हसून आलेलं पाणी.

चेअरमन हसले नाहीत. गाडी ओढून घरी आणली आणि दुसऱ्या दिवशी फलकावर सूचना लागली. बाहेरील मेकॅनिकने अध्यक्षांच्या वाहनातील मूळ फिल्टर काढून बनावट फिल्टर बसवल्याचा दाट संशय असल्यामुळे पुढील निर्णयापर्यंत त्यास आवारात प्रवेश बंद. खाली सही, शिक्का.

शिक्का वाचून कुणी भ्यायलं नाही. पण 'संशय' हा शब्द दोन दिवसांत रस्ता ओलांडून पलीकडच्या इमारतीत गेला आणि तिथे तो 'चोरी' झाला. बाळा गेटबाहेर भेटला तेव्हा स्कूटरवर नुसता बसून होता.

"पंचवीस वर्सां लोकांच्या गाड्यांच्या चाव्ये माझ्या खिशात असतत," तो म्हणाला. "काल एका बाईन चावी परत मागून घेतल्यान. बोलली काय नाय. नुसतो हात पुढे केल्यान."

मी कमिटीत नव्हतो आणि कधी जायची इच्छाही नव्हती. पण सोळाव्या मजल्यावर गेलो आणि म्हटलं, रविवारी सगळ्यांसमोर डबा उघडू. फिल्टर बनावट निघाला तर बाळा पुन्हा दिसणार नाही. चेअरमनांना यात समारंभ दिसला. ते ताबडतोब हो म्हणाले.

रविवारी दहाला पार्किंगमध्ये पंधरा-वीस माणसं जमली. चेअरमनांनी स्वतःसाठी खुर्ची मागवली होती. मांडीवर फाइल, फाइलमध्ये बिल, बिलाची झेरॉक्स आणि तिसरी प्रत. बाळाने कुणाकडे न बघता बॉनेट उघडलं, डब्याच्या क्लिपा सोडल्या आणि फिल्टर बाहेर काढला. लाल. कडेवर सही. सहीखाली तारीख. आणि इतका स्वच्छ, की दसऱ्याचं हळदकुंकू अजून दिसत होतं.

"ही सही तुमचीच ना?" मी विचारलं.

"सहीची नक्कल होऊ शकते," चेअरमन म्हणाले. मागे कुणीतरी खोकलं. मग सावरून म्हणाले, "बरं, फिल्टर माझा. पण मग गाडी का बंद पडली? हवा, बाळा! प्रश्न हवेचा आहे! हवा कुठे अडली?"

हा प्रश्न त्यांनी विचारायला नको होता. बाळा वाकला. डब्यातून गाडीच्या तोंडावरच्या जाळीपर्यंत एक काळा नळ जातो, हवा आत घेणारा. त्या नळावरून तो हात नेत गेला आणि तोंडापाशी थांबला. "जरा बॅटरी मारा," तो मला म्हणाला.

मी टॉर्च धरला. नळाच्या तोंडाला फडकं बांधलेलं होतं. जुन्या सुती पातळाचा दुपदरी तुकडा, हिरवा काठ. सिमेंटची धूळ आणि वॉचमनचं रोजचं पाणी मिळून त्याचं प्लास्टर झालं होतं. त्यातून हवा काय, आवाजही गेला नसता. पण मी बघत राहिलो ती गाठ. नाडीचे दोन वेढे, वर आडवी गाठ, टोक आत खोचलेलं. आमच्या चाळीत पाणी यायच्या आधी प्रत्येक घरची बाई नळाला असंच फडकं बांधायची. गाळ वर अडायचा. ही गाठ बंगल्यात शिकवत नाहीत.

मला मनापासून आनंद झाला, हे लपवत नाही. इतकी वर्षं माझ्या बॉनेटवर रेघा ओढणारा माणूस माझ्या टॉर्चच्या उजेडात उघडा पडला होता. मी वळून पाहिलं. चेअरमन खुर्चीतून उठले होते. फाइल छातीशी धरली होती. त्यांना आठवलं होतं.

मी तोंड उघडणार तेवढ्यात बाळाने खिशातून ब्लेड काढलं, गाठ कापली, फडकं मुठीत चुरगळून बाहेर ओढलं आणि मोठ्याने म्हणाला, "उंदीर! उंदरान चिंधी नेऊन कोंबल्यान हय."

मग चेअरमनांचा आवाज आला, आधी जरा घोगरा, मग नेहमीचा. "उंदीर! मी मागच्याच मीटिंगमध्ये म्हटलं होतं!"

त्यांनी असं काही म्हटलं नव्हतं. पण पुढची दहा मिनिटं ते उंदरांवर बोलले. उंदरांची बुद्धिमत्ता, उंदीर आणि वायरिंग, जर्मनीतले उंदीर. संध्याकाळी फलकावर जुन्या सूचनेच्या जागी नवी लागली. मूषकांच्या उपद्रवाबाबत सदस्यांनी दक्षता घ्यावी. तसेच सदर प्रकरणी मेकॅनिकचा कोणताही दोष आढळलेला नाही. माफीचा शब्द नाही. 'तसेच'मध्ये जेवढी मावली तेवढीच.

"तू सगळ्यांना दाखवायला हवं होतंस," गेटपाशी मी बाळाला म्हटलं. "उंदराला गाठ मारता येते?"

"माझा नाव सुटला," बाळा म्हणाला. "चावी परत येतली. तुमका आणखी काय होया?"

मला काय हवं होतं ते सांगण्यासारखं नव्हतं, म्हणून मी सांगितलं नाही.

चेअरमन सुधारले असं समजू नका. रेघा चालू राहिल्या, जर्मनी चालू राहिली. फरक एकच पडला. बाळा त्यांच्या गाडीवर काम करत असला की आधी ते दुसऱ्या कुणाला तरी टॉर्च धरायला लावत. आता स्वतः धरू लागले. तोही चुकीच्या जागी. बाळा तसाच अंधारात काम करी.

गेल्या श्रावणात ते गेले. चार दिवसांचा ताप, हॉस्पिटल, आणि संपलं. वहिनी मुलीकडे जायला निघाल्या आणि गाडी विकायची ठरली. कागद घेऊन मी वर गेलो तेव्हा भिंतीवर पाणी शुद्ध करायचं महागडं मशीन होतं आणि शेजारी ओट्यावरच्या नळाला फडकं. मी बघतोय हे त्यांनी पाहिलं.

"बांधल्याशिवाय ह्यांना पाणी गोड लागायचं नाही," त्या म्हणाल्या.

"बंगल्यातही बांधत असतील," मी म्हटलं. आता लाज वाटते, पण म्हटलं.

"बंगला समोर होता, भावजी. ह्यांच्या खोलीच्या खिडकीतून दिसायचा."

मी खाली आलो. गाडी घेणारा तरुण घड्याळ बघत उभा होता. बॉनेटवर महिन्याभराची धूळ साचली होती, सपाट, एकही रेघ नसलेली. बाळाने बॉनेट उघडलं, पुढे वाकला आणि मला खुणेने बोलावलं. नळाच्या तोंडाला फडकं होतं. तोच हिरवा काठ, तीच गाठ. पण कापड विरळ, एकपदरी आणि स्वच्छ.

"ह्या खेपेक पातळ बांधल्यानी," बाळा म्हणाला. "शिकले म्हणायचे."

"तुला माहीत होतं?"

"दर सर्विशिंगाक धुवन परत बांधी मी. गाडी चलत होती, त्यांका झोप लागत होती."

"आणि कुणाला बोलला नाहीस?"

"कोणाक बोलू? उंदराक?"

तो नखांनी गाठ सोडवायला लागला. ती घट्ट होती. आत खोचलेलं टोक सापडत नव्हतं.

"अहो, ब्लेड मारा ना," गाडी घेणारा म्हणाला.

"थांबा जरा," बाळा म्हणाला आणि पुन्हा वाकला.

मी टॉर्च लावला आणि बरोबर जागी धरला.