रूबेनच्या हातातली लोकर

आमच्या टेकड्यांवर मेंढपाळ मेला की त्याच्या हातात लोकरीची एक बट ठेवतात आणि मगच पेटीचं झाकण लावतात. वर गेल्यावर देवाने विचारलं, बाबा रे, रविवारी चर्चला का येत नव्हतास, तर त्याने मूठ उघडून दाखवायची. मेंढ्या होत्या, देवा, आणि मेंढ्यांना रविवार नसतो. रीत चांगली आहे, तिच्याबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार आहे ती ॲनाबेल कॉलिअरबद्दल, आणि खरं सांगायचं तर सगळ्या गावाबद्दल. त्यात मीही आलेच.

रूबेन पॉथेकरी माझा शेजारी. लग्न केलं नाही, तोंडाने फटकळ, अंगाला कायम लोकरीचा आणि तंबाखूचा वास. बापासारखाच तोही कॉलिअरांच्या शेतावर मेंढपाळ होता. चारशे मेंढ्या घेऊन काइट टेकडीवर असायचा. मेंढ्या व्यायचे दिवस सोडले तर चर्चला न चुकता यायचा, शेवटच्या बाकावर बसायचा, आणि त्याचं कुत्रं बाकाखाली.

एकसष्ट सालच्या सप्टेंबरात हम्फ्री कॉलिअरने सगळा कळप विकला. टेकडी नांगरून जव पेरायचे ठरले होते. जानेवारीत आमच्याकडे नांगराचा रविवार असतो. नांगर चर्चमध्ये आणतात, पाद्री त्याला आशीर्वाद देतो, दुसऱ्या दिवशी शेतीची कामं सुरू होतात. पुढच्या जानेवारीत कॉलिअरचा नवा कोरा नांगर वेदीसमोर चकचकत होता. कॉलिअर चर्चचा कारभारी, तेव्हा पहिल्या बाकावर तोच. पाद्री म्हणाला, "आजवर वाया गेलेल्या जमिनीला हा नांगर फळ देवो."

"वाया?" मागून रूबेनचा आवाज आला.

एवढंच. तो उठला, मागोमाग कुत्रं उठलं, आणि दोघं मधल्या वाटेने बाहेर गेले. सगळ्यांनी मान वळवून बघितलं आणि पुन्हा पुढे केली. मी एकोणीस वर्षांची होते, डोक्यावर नवी टोपी होती आणि दुपारी कॉलिअरांकडे जेवायचं आमंत्रण होतं. मी जागची हलले नाही.

सोमवारी नांगर टेकडीवर चढला. बोटभर उंचीचं ते गवत, त्यातला रानओवा, जूनमधली निळी फुलपाखरं... शेकडो वर्षं मेंढ्यांनी कुरतडून केलेली ती गादी तीन दिवसांत उलटी झाली. खाली खडू आणि गारगोट्या. पाऊस पडला की पांढरं पाणी रस्त्यावर यायचं आणि वसंतात त्याच्याबरोबर खताचा वास. मग शेताच्या खालच्या बाजूला कॉलिअरने डुकरांची शेड बांधली, आणि रूबेनला तिथे घाण काढायला ठेवलं. घर कॉलिअरचं होतं, काम सोडलं तर घर सोडावं लागलं असतं, आणि आत अंथरुणावर आई. अकरा वर्षं तो ती घाण उपसत होता. त्याच्या बुटांचा वास मला भिंतीपलीकडून यायचा आणि मी खिडकी लावून घ्यायचे. आज आठवलं की त्या वासाची नाही, त्या खिडकीची शिसारी येते.

पण रविवारी मात्र तो अंघोळ करायचा, दाढी करायचा, पांढरा शर्ट घालायचा, बूट घासायचा आणि चर्चच्या फाटकासमोरच्या बाकावर येऊन बसायचा. दहा ते अकरा. आत जाणाऱ्या प्रत्येकाला त्याच्या समोरून जावं लागे. मी मोकळा आहे, मला काम नाही, मी आजारी नाही, आणि तरी मी येत नाही, हे सगळ्यांना नीट दिसलं पाहिजे, असं तो बसायचा. चव्वेचाळीस वर्षं! पहिली पाच-सहा वर्षं लोकांना टोचलं असेल. मग सवय झाली. मग कारण माहीत असलेली माणसं मेली, आणि लंडनहून आलेल्यांना तो बाकावरचा गोड म्हातारा वाटायला लागला.

हम्फ्रीची सून ॲनाबेल ही त्यातलीच. टेकडीच्या कडेला तिने मेंढपाळांची चाकांवरची झोपडी आणून ठेवली आहे, आत गरम पाण्याचा हौद. एकही मेंढी नसलेल्या टेकडीवर ह्या झोपडीत शहरातली माणसं येऊन उकळत बसतात. त्यांना घेऊन ती एका रविवारी बाकापाशी आली.

"रूबेन, डार्लिंग, ह्यांना एक फोटो हवाय. काठी धरा ना हातात."

"काठी कशाला? फावडं आण," रूबेन म्हणाला. "तुझ्या सासऱ्याने मला फावडंच दिलं होतं."

पाहुणे खो-खो हसले. त्यांना वाटलं, म्हातारा विनोदी आहे.

मागच्या फेब्रुवारीत त्याच्या छातीने दगा दिला. वीस वर्षं मी आजारी माणसांचं केलंय, तेव्हा त्याचंही मीच करत होते. शेवटच्या आठवड्यात तो म्हणाला, "विनी, ती बाई माझ्या हातात लोकर कोंबणार."

"कोंबू दे की. तू मेंढपाळच आहेस."

"होतो. एकसष्ट सालापर्यंत. त्यानंतर एकही मेंढी होती का? मी वेळ असून गेलो नाही. मुद्दाम गेलो नाही. आणि आता वर जाऊन मेंढ्यांची सबब सांगू?" त्याला ढास लागली. ती ओसरल्यावर म्हणाला, "हात रिकामे राहू दे माझे. विचारलं तर काय सांगायचं ते मला ठाऊक आहे."

मी शब्द दिला. आणि तो गेल्यावर दोन दिवसांनी ॲनाबेल दारात हजर.

"अगं विनी, शवपेटीवाल्याकडे लोकर देऊन आले मी. पेपरवाला फोटो पण घेऊन गेला. शेवटचा मेंढपाळ! सगळ्यांना किती भरून येईल ना?"

"त्याला नको होती ती. मला सांगून गेलाय."

"संकोच गं त्याचा. गावासाठी आहे हे."

मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणं म्हणतात ते हेच. संतापाने माझ्या डोळ्यांत पाणी आलं, आणि तिला वाटलं मी दुःखाने रडते आहे. तिने माझ्या पाठीवरून हात फिरवला.

अंत्यविधीच्या सकाळी मी शवपेटीवाल्या लशकडे गेले. त्याला सगळं सांगितलं. भला माणूस. म्हणाला, "मी जरा बाहेर गाडी पुसतो, विनी. झाकण नुसतं टेकवलंय."

रूबेनची बोटं गार आणि ताठ होती. एकेक सरळ करावं लागलं. लोकर पांढरीशुभ्र, जांभळ्या फितीने बांधलेली, विणकामाच्या दुकानातली. मेंढीचा वासही नव्हता तिला, साबणाचा होता. मी ती पर्समध्ये टाकली, त्याचे हात छातीवर उघडे ठेवले आणि झाकण लावलं.

चर्च खच्चून भरलं होतं. मेलेल्या म्हशीला मणभर दूध. जिवंत असताना ज्यांनी त्याला पाणी विचारलं नाही ते रुमाल काढून तयार होते. नवी पाद्रीणबाई सहा गावं सांभाळते, बिचारीला ठाऊक काय असणार! ॲनाबेलने दिलेला कागद तिने वाचला. "रूबेनच्या मुठीत आज एक लोकरीची बट आहे. देवाला कळेल, त्याला मेंढ्यांनी येऊ दिलं नाही." चारी बाजूंनी नाकं शिंकरली.

दाराशी ॲनाबेल दानाची थाळी घेऊन उभी होती. बाजूला चाकाच्या खुर्चीत हम्फ्री, अठ्ठ्याऐंशी वर्षांचा. मी पर्स उघडली आणि फितीसकट लोकर थाळीत ठेवली.

ॲनाबेलचा चेहरा उतरला. "ही त्याच्या हातात होती!"

"होती. आता नाही."

"मेलेल्या माणसाच्या हातातून काढून घेतलीस? लाज नाही वाटली?"

"वाटली ना. तुझी वाटली."

हम्फ्रीला ऐकू कमी येतं म्हणतात, पण त्याने मान वर केली. "मग आता त्याच्या हातात काय आहे, विनिफ्रेड?"

"काही नाही, मिस्टर कॉलिअर. मेंढ्या नव्हत्याच, मग सबब कसली, असं म्हणून गेला."

ॲनाबेल काहीतरी म्हणायला गेली, म्हाताऱ्याने हाताने तिला गप्प केलं.

"म्हणजे वर विचारलं तर तो बोलणार."

"बोलणार."

"माझं नाव घेईल."

आजारी माणसांना धीर द्यायची मला सवय आहे. नाही हो, असं कसं होईल, हे शब्द ओठांवर आले होते.

"घेईल," मी म्हणाले. "माझंही घेईल. त्या नांगराच्या रविवारी मी तुमच्याकडेच जेवले होते."