डावीकडे हे, उजवीकडे मीरा

मंडळी, ह्यांचं अर्धवट राहिलेलं रॉक गाणं आज दुपारी आचोळ्याच्या एका लहान स्टुडिओत पूर्ण करून आले. अजून कान वाजतायत.

हे गेल्या वर्षी गेले. गाण्यातले ड्रम, बेस, आवाज, सगळं वेगवेगळ्या ट्रॅकवर करून ठेवलं होतं. गिटार मात्र एकदाच वाजवून झाली होती, त्यामुळे गाणं पोकळ वाटायचं.

रेकॉर्डिंग करणारा नेल्सन म्हणाला, "काकू, ही गिटार डाव्या कानात ठेवतो आणि तीच कॉपी करून उजव्या कानात टाकतो."

टाकली. आवाज नुसता मोठा झाला. मी वाचलं होतं, की तोच भाग पुन्हा हाताने वाजवावा लागतो. दोन वेळच्या वाजवण्यात जो बारीक फरक पडतो, त्यानेच गाणं भरतं.

"कॉपी नको. माझी मीरा वाजवेल." मी शेजारी गिटार घेऊन बसलेल्या लेकीकडे बोट दाखवलं.

"काकू, तुम्ही कधीपासून रॉकवाल्या?"

"लग्न झालं तेव्हापासून. चालू कर."

मीरा घाबरली. "आई, बाबांसारखं मला नाही जमणार."

"त्यांच्यासारखं नकोच आहे. त्यांच्यासोबत वाजव."

चुकत चुकत शेवटी जमलं. हेडफोनमध्ये डावीकडे हे, उजवीकडे मीरा, आणि गाणं एकदम अंगावर आलं. एका ठिकाणी ती किंचित मागे पडली होती.

नेल्सनने विचारलं, "इथला ताल सरळ करू?"

"हात लावू नकोस," मी म्हटलं.

तुमच्याकडे कुणाचं काही अर्धवट राहिलंय का? ते तसंच जपून ठेवलंत, की पुढे नेलंत?