अक्काला न सांगितलेलं वाक्य

लातूरहून दाजींची तार आली तेव्हा मी नांदेडच्या शाळेत उर्दूचा तास घेत होतो. चपराशानं दारातूनच कागद दिला. वाचला, घडी करून कोटाच्या खिशात ठेवला आणि फळ्यावर अर्धं राहिलेलं वाक्य पुरं केलं. घंटा होईपर्यंत शिकवत राहिलो. काय शिकवलं ते आठवत नाही. सध्या मोटारींचा भरवसा नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी एक मिळाली, तीही लोह्याला दोन घंटे खोळंबली. मी पोचलो तेव्हा अक्काची माती होऊन गेली होती. आज सव्वा महिना झाला. लोक म्हणतात, मास्तर, एकदा रडून मोकळे व्हा. पण रडू येत नाही…

अक्का माझी थोरली बहीण. लातूरच्या डाळीच्या व्यापाऱ्याकडे दिलेली. घरामागच्या पडवीत पाच-सहा बाया डाळ चाळायला बसत, त्यांच्यात हीही चाळण घेऊन बसायची. मालकीण म्हणून कधी पाटावर बसली नाही. हसायची मोठ्यानं, सासू कुरकुरली तरी. शेवटच्या बाळंतपणात तिचे पाय सुजले, मूल हाती लागलं नाही, आणि त्यानंतर ती पुरती सावरलीच नाही. सकाळी उठली की डोळ्यांखाली फुगलेलं असायचं. बांगड्या रुतायच्या. पायरी चढली तरी धाप लागायची. कुणी विचारलं की म्हणायची, "दुखत तर काईच न्हाई." दुखत नाही म्हणून दोन वर्षं गेली. शेवटी मीच हट्टानं तिला नांदेडला आणलं.

आमच्या मोहल्ल्यातले डॉक्टरसाहेब म्हातारे होते, हैदराबादेत शिकलेले, बोलायचे दखनी उर्दू. अक्काला ती थोडीच कळायची, म्हणून मधे मी. त्यांनी तिची लघवी काचेच्या नळीत घेऊन स्पिरिटच्या दिव्यावर धरली. वरचा भाग फाटलेल्या दुधासारखा पांढरा झाला. अक्का लाजली, पण नजर काढली नाही. डॉक्टर म्हणाले, माणसाच्या पाठीत दोन गुर्दे असतात, रक्त गाळणारे. यांच्या गुर्द्यांचं गाळणं कमी पडलंय. रक्तातलं सत्त्व लघवीवाटे चाललंय आणि जी घाण बाहेर जायची ती अंगात साचतेय. म्हणून सूज, म्हणून थकवा. मी मराठीत सांगितलं. अक्का म्हणाली, "म्हंजी डाळ खाली सांडायलीय आन् कोंडा वर ऱ्हायलाय." मी ते डॉक्टरांना सांगितलं. ते माझ्याकडं न बघता तिच्याकडंच बघत म्हणाले, "बराबर समझी, बेटी. गुर्दा रोता नहीं. आधा मरे तक चुप बैठता."

मग त्यांनी पथ्य सांगितलं. मीठ बंद, डाळ नावापुरती, पाणी मापून. तिचं रक्त हैदराबादला तपासायला पाठवलं. पंधरा दिवसांनी उत्तर आलं तेव्हा पुन्हा आम्ही दोघं त्यांच्यासमोर बसलो. कागद वाचून ते म्हणाले, "आधे से कम काम बाकी है. जो गया सो वापस आता नहीं. जो है उसको संभालना." मी अक्काकडं वळलो. ती माझ्या तोंडाकडं बघत होती, लहानपणी मी शाळेतून निकाल घेऊन यायचो तेव्हा बघायची तशी. मी म्हणालो, "पथ्य नीट पाळलं तर बरं होईल म्हणतात."

मधलं वाक्य मी गाळलं. मुलांनी तर्जुम्यात, भाषांतरात, एक शब्द सोडला तरी त्यांना उभं करणारा मी.

तिनं पथ्य पाळलं ते कसं, हे दाजी अजून सांगतात. डाळीच्या घरात वरणाला शिवली नाही. बिनमिठाची भाकरी आणि दुधी, वर्षभर. लग्नाच्या पंक्तीत नुसता भात पुढ्यात घेऊन बसली. तरी सूज हटेना. पुढच्या वर्षी ती पुन्हा नांदेडला आली, तर तोंडाला चव नव्हती, अंगाला खाज सुटलेली. या वेळी तिनं मला बोलूच दिलं नाही. बाजारात बांगडीवालीशी घासाघीस करताना शिकलेल्या मोडक्या दखनीत तिनं थेट विचारलं, "साब, मैं अच्छी होती क्या?"

डॉक्टर माझ्याकडं बघून म्हणाले, "मास्टरसाब, मैं तो पिछले साल बोल दिया था."

घरी आल्यावर अक्का ओसरीवर बसली, पदरानं तोंड पुसलं. मला वाटलं, आता रागावेल. ती म्हणाली, "मला वाटलं, माझंच कुठं चुकून ऱ्हायलंय. येकदा पोरीच्या हातची आमटी बोटावर घेतली व्हती, त्येनंच झालं म्हणून… साल झालं, सोताला कोसून ऱ्हायले मी."

मी काहीतरी बोललो असेन. "तुला भीती वाटू नये म्हणून", असंच काहीतरी. ती म्हणाली, "भीती माझी व्हती ना रं, बाबू? मग तू का ठिवून घेतलीस?"

यानंतर ती दीड वर्ष जगली. लातूरला गेल्या गेल्या तिनं सासू, दाजी, पोरगी पार्वती, सगळ्यांना समोर बसवून जसंच्या तसं सांगितलं. बरं व्हायचं न्हाई, पण जेवढं हाय तेवढं टिकवायचं. आता मूल नको हेही तिनंच सांगितलं, सासूच्या तोंडावर. पथ्य सोडलं नाही, मात्र स्वतःला कोसणं सोडलं. पुन्हा मोठ्यानं हसायला लागली म्हणे. गल्लीतल्या बायांना ओट्यावर बसवून घोट्यावर अंगठा दाबायची आणि खड्डा पडतो का बघायची. सकाळी तोंड सुजतं का, लघवीला फेस येतो का, विचारायची. तिघींना तिनं दवाखान्यात धाडलं. त्यातल्या एकीचं वेळेत कळलं, ती आज बरी आहे. शेवटच्या आठवड्यात उलट्या थांबेनात, मग गुंगी आली, आणि त्या गुंगीतच ती गेली. मला हे सगळं दाजींनी सांगितलं. मी मान हलवत ऐकलं.

परवा पुन्हा लातूरला गेलो होतो. सकाळी ओट्यावर बसलो असताना कुणी परगावची बाई अक्काला विचारत आली. तिला माहीत नव्हतं. पार्वतीनं सांगितलं. बाई ओट्यावर टेकली. जरा वेळानं पार्वतीनंच तिचा पाय पुढं ओढला, घोट्यावर अंगठा दाबून धरला, सोडला, वाकून बघितलं.

"काई न्हाई मावशी, सूज न्हाई. जावा घरला."

बाई उठली नाही. म्हणाली, "तुझी माय असती तर च्या पाजल्याबिगर सोडली नसती."

पार्वती आत गेली. आतून भांड्यांचा आवाज आला. चहा आला. मी प्यालो.