कडकडीत मोहन घातलेले स्कोन

माझ्या हातांना स्वस्थ बसता येत नाही. टीव्ही बघतानाही मी काहीतरी निवडत, सोलत, घडी घालत असते. नवरा म्हणतो, ही झोपेतही कणीक मळत असेल. म्हणू दे. पण त्या जानेवारीत या हातांचं काय करावं ते खरंच सुचत नव्हतं. मुलगी सात वर्षांनी इंग्लंडहून एकटी आली होती, दोन मोठ्या बॅगा घेऊन, आणि परतीचं तिकीट काढलेलं नव्हतं. जावयाचा विषय काढला की "आई, नंतर" म्हणायची आणि आमच्या वारज्याच्या फ्लॅटमधल्या मागच्या खोलीत जाऊन दार लावून घ्यायची.

असे अकरा दिवस गेले. मी ते दार दिवसातून दहादा वाजवायचे. कधी दूध, कधी धुतलेले कपडे, कधी उगीचच. काय झालं, कोणाचं चुकलं, त्याने हात उगारला का? डोकं नुसतं भणभणत होतं. ती पानातलं अर्धं टाकून उठायची आणि मी ते झाकून ठेवायचे.

बाराव्या दिवशी चहा पिताना ती एकदम म्हणाली, "तिथे रविवारी मी स्कोन करायचे, चहाबरोबरचे ते छोटे गोल पाव. इतके हलके व्हायचे, फोडले की आतून वाफ यायची." एवढंच. पण आपणहून बोललेलं ते पहिलंच वाक्य होतं.

दुसऱ्या दिवशी ती उठायच्या आधीच मी कामाला लागले. मोबाइलवर कृती वाचली होती, म्हणजे साहित्य वाचलं होतं. मैदा, साखर, लोणी, दूध, बेकिंग पावडर. पुढचं काय वाचायचं? शंकरपाळ्याच की! लोणी वितळवून कडकडीत मोहन घातलं, पीठ चांगलं वीस मिनिटं तिंबलं, ओल्या फडक्याखाली झाकलं, लाटलं, आणि आजवर पापड भाजण्यापलीकडे न वापरलेल्या ओव्हनमध्ये सरकवलं. मग राहवेना, म्हणून दर दोन मिनिटांनी दार उघडून पाहिलं.

नवऱ्याने एक उचलून टेबलावर वाजवून पाहिला.

"अहो, खाऊन तर बघा."

"खातो की. आधी दाताच्या डॉक्टरांची वेळ घेऊन ठेव."

एरवी मी उलट टोला दिला असता. त्या दिवशी ओट्याशी उभी राहून रडले. घरात आलेल्या लेकीला दोन घास गोड लागावेत, एवढंही आपल्याच्याने होत नाही, याचं ते रडू होतं.

मुलगी ओल्या केसांनी दारात उभी होती. तिने एक स्कोन फोडायचा प्रयत्न केला आणि सोडून दिला.

"मोहन गरम घातलंस?"

"कडकडीत."

"आणि मळलंस?"

"मग काय, तसंच ठेवायचं?"

"हो, तसंच ठेवायचं." ती जराशी हसली. "सरक, मी करते. तू बस. आणि आई, हात नको लावूस."

फ्रीजमधलं घट्ट लोणी किसून तिने मैद्यात बोटांच्या टोकांनी चोळलं. रव्यासारखं झाल्यावर गार दूध घातलं आणि जेमतेम गोळा होताच थांबली. खडबडीत, भेगाळलेला गोळा. दोन मिनिटं तिंबलं असतं तर कसं गुळगुळीत झालं असतं! मी हात मांडीखाली दाबून धरले.

गोळा जाडसर थापून, वाटीने चकत्या पाडता पाडता, माझ्याकडे पाठ करून ती बोलायला लागली. "तो मारायचा वगैरे नाही. बोलायचाच नाही. महिनोन्‌महिने. मी त्याच्या दाराशी उभी राहून विचारत राहायचे, माझं काय चुकलं ते तरी सांग." वाटी थांबली. "तू दार वाजवायचीस ना, मला वाटायचं, मीच उभी आहे बाहेर."

माझ्या जिभेवर शंभर प्रश्न आले.

"मीठ घातलंस का?" मी विचारलं.

"चिमूटभर."

पंधरा मिनिटांत ते टम्म फुगले. साय आणि मुरांब्याबरोबर तिने तीन खाल्ले. नवऱ्यानेही मुकाट्याने खाल्ले.

मग ती मागच्या खोलीत गेली. बऱ्याच वेळाने पाहिलं तर दार उघडंच होतं. मी तिकडे गेले नाही. पुसलेला ओटा पुन्हा पुसत राहिले.