सात नंबरच्या खोलीतलं ऊन

लालबागच्या आमच्या चाळीत सात नंबरला नाना परब राहतात. त्या खोलीत अर्धा तास बसा, एक किस्सा घेऊनच उठाल. माझ्याकडे इतके साठलेत की तोंडी सांगायला लागलो की मित्र ओरडतात, "बस कर, फेकू!" म्हणून लिहितोय. पटत नसेल तर या, बघा.

*

नाना गिरणीत साचे चालवायचे, म्हणजे माग. संपात गिरणी गेली, पण नानांच्या हातांना ते कोणी कळवलंच नाही. घरी बसून त्यांची बोटं दिवसभर हवेत गाठी मारायची. एका दुपारी खिडकीच्या फटीतून आलेल्या तिरिपेत बोट अडकलं आणि चक्क उन्हाचा धागा निघाला! नानांनी तो सुताच्या जुन्या कांडीवर गुंडाळला.

"काय गावला?" स्टोव्हपाशी बसलेल्या परबकाकूंनी विचारलं.

"ऊन."

"मगे भायर टाका! हंय आधीच उकडता!"

*

मग नानांनी त्याचं कापड विणलं. पसरलं की ऊन, गुंडाळलं की अंधार. पण गिरणीची सवय! पहिल्याच कापडाच्या धाग्याला नानांनी खळ लावली. ते असं कडक झालं की गुंडाळताच येईना. सात नंबरमध्ये तीन दिवस दुपारचे बारा. देवापाशी दिवा कधी लावायचा, या चिंतेत काकू!

चाळ कमिटीचे अध्यक्ष सामंतकाका तपासणीला आले. गिरणीत हे जॉबर, म्हणजे पाळीवरच्या कामगारांचे मुकादम. संपात 'मागे हटायचं नाही' म्हणून सगळ्यात मोठ्याने ओरडले आणि सगळ्यात आधी हटले. डोळ्यांवर हात धरून म्हणाले, "नाना, याची परवानगी घेतलीत का?"

"कोणाची? सूर्याची?" मी विचारलं.

"मोठ्यांमध्ये बोलू नये."

मोठ्यांकडे उत्तर नसलं की हे वाक्य तयार असतं.

*

पुढे मी सायन्सला गेलो. तोवर नानांनी मला धागा काढायला शिकवलं होतं. फिजिक्सच्या सरांनी फळ्यावर लिहिलं, प्रकाश सरळ रेषेत जातो. मी खिशातली कांडी काढून त्यांच्या टेबलावर सोडली. प्रकाश टेबलाच्या पायाला तीन वेढे घालून सरांच्या चपलेत शिरला.

सरांनी चप्पल काढून झटकली. मग म्हणाले, "हे सिलॅबसमध्ये नाही."

त्या दिवशी कॉलेज सोडलं. बाबा आजही म्हणतात, पोरगा वाया गेला. स्वतः गिरणीतले, संपात पुढाऱ्याच्या एका शब्दावर आयुष्य पणाला लावलं, ते चालतं!

*

आमचं घर आईच्या पापडांवर चाललं. पावसाळ्यात ती नानांच्या कांड्या उलगडून पापड वाळवायची. एकदा वरळी कोळीवाड्यातली हिरामावशी बोंबील सुकवायला चार कांड्या घेऊन गेली. परत आल्या त्याच आईने वापरल्या. ऊन वास घेऊन आलं होतं! आणि ते पापड गेले दादरच्या एका कडक शाकाहारी काकूंकडे. आईने भीतीने दोन दिवस जेवण सोडलं.

तिसऱ्या दिवशी दादरच्या काकू स्वतः दारात. "अहो, या वेळची चव काही वेगळीच! घालता तरी काय?"

आई म्हणाली, "काही नाही हो, समुद्राची हवा लागते त्यांना."

*

मग गिरणी पाडून तिथे काचेचा टॉवर आला आणि चाळ दिवसभर सावलीत गेली. तिरीपच नाही तर धागा कुठला? कांड्या रिकाम्या, आईच्या पापडांना बुरशी. बिल्डरचा माणूस दर आठवड्याला यायचा. "अंधारात कशाला राहता? सह्या करा, लांब कुठेतरी मोठी खोली घ्या." म्हातारे विरघळले. माझे बाबासुद्धा. रविवारी दुपारी चौकात मीटिंग ठरली. सामंतकाकांनी पहिली सही केली की बाकीचे करणारच. म्हणजे चाळ गेली!

मी नानांना म्हटलं, "नाना, आपलं ऊन त्या काचांत अडकलंय."

नाना वर बघत म्हणाले, "शेंडो गावाक होयो." म्हणजे धाग्याचं टोक सापडायला हवं.

टॉवरच्या काचेवरून एक कवडसा आमच्या गच्चीतल्या टाकीवर पडायचा, दुपारी जेमतेम चार मिनिटं. मीटिंग सुरू झाली तसा मी गच्चीत चढलो, कवडशात बोट घातलं आणि ओढलं. धागा सुटला! शेंडा खाली फेकला. अख्ख्या टॉवरचं ऊन सरसर चौकात उतरायला लागलं. गिरणीत वाइंडिंगला, म्हणजे सूत गुंडाळायला, काम केलेल्या बायका कांड्या घेऊन धावल्या. काय हात चालत होते एकेकीचे! टॉवर मजल्यामजल्याने काळा पडला आणि आमची चाळ लख्ख झाली.

टॉवरमध्ये सॅम्पल फ्लॅट बघायला आलेले लोक बोंबलत होते, "लाइट गेली! लाइट गेली!"

आई गॅलरीतून ओरडली, "गेली नाय, घरी आली!"

खाली सामंतकाका टेबलापाशी उभे. समोर कागद, हातात बिल्डरने दिलेलं जाडजूड पेन. तेवढ्यात कांड्या संपल्या. धागा सैल पडला, चौकात गुंता व्हायला लागला.

"अरे गाढवांनो, ताण सोडू नका!" सामंतकाका जुन्या जॉबरच्या आवाजात गरजले. वाकून त्यांनी शेंडा उचलला आणि हातातल्या पेनवरच भराभर गुंडाळायला लागले.

बिल्डरचा माणूस रडकुंडीला आला. "सर, पेन! सर, सही राहिली!"

सामंतकाकांनी मानसुद्धा वर केली नाही.

"पाळी सुटल्यावर ये रे!"