नाना आणि सगळ्यांची फाइल

नाना कुणाच्याही कॉम्प्युटरसमोर बसले की आधी कुठलातरी प्रोग्रॅम सुरू करून 'ओपन' दाबायचे. फायलींची यादी दाखवणारी ती चौकोनी पेटी पडद्यावर आली की तिच्याकडे नीट बघायचे, आणि काहीही न उघडता 'कॅन्सल' दाबून तिला घालवून द्यायचे. मग खुर्ची पुढे ओढून म्हणायचे, "दार उघडस ना, मंग घर शाबूत शे." नव्या गिऱ्हाइकाला वाटायचं, म्हातारा काहीतरी चुकला.

जळगावात डाळ मिलच्या रस्त्याला एका दुकानाच्या माडीवर आमचं ऑफिस होतं. तीन कॉम्प्युटर, एक लोखंडी कपाट, आणि नाना. आधी त्यांचा टायपिंगचा क्लास होता. पन्नाशीत त्यांनी टाइपरायटर काढून टाकले आणि जाडजूड पुस्तकं पुढ्यात घेऊन प्रोग्रॅमिंग शिकले. मी धुळ्याहून डिप्लोमा करून आले होते, त्यामुळे मला सगळं येतं असा माझा समज होता. नानांनी तो कधी खोडून काढला नाही. तो आपोआप खोडला जाईल याची त्यांना खात्री असावी.

ती 'ओपन'ची पेटी प्रत्येक प्रोग्रॅमची स्वतःची नसते, हे मला नानांनीच समजावलं. 'सेव्ह'ची, प्रिंटची, फॉन्ट निवडायची, अशा सगळ्या पेट्या एकाच फायलीत असतात. कॉमडीएलजी डॉट डीएलएल. कॉम्प्युटरमध्ये तिची एकच प्रत असते, आणि ज्याला गरज पडेल तो प्रोग्रॅम ती तेवढ्यापुरती मागून घेतो. पुस्तकात यावर चार पानं होती. नानांनी एका वाक्यात उरकलं, "समाजाची भांडी असतात ना, तसं."

पारोळ्याला त्यांच्या समाजाची भांडी ठेवायची खोली होती आणि तिची किल्ली वर्षानुवर्षं नानांकडे होती. लग्नकार्याला लोक हंडे, पातेली, झारे घेऊन जात, घासूनपुसून परत आणत. नाना दर रविवारी पारोळ्याला जाऊन प्रत्येक भांडं उलटं करून बघायचे. त्याच शिस्तीने मूळ फ्लॉपी लोखंडी कपाटात ठेवलेल्या असत, आणि त्याचीही किल्ली त्यांच्याच खिशात. "दुसऱ्याच्या घरी आपलं भांडं ठेवायच्या आधी त्याचं बघावं," ते म्हणायचे. "त्याचं चांगलं असलं तर आपलं गुमान परत आणावं."

मी हे सगळं मान डोलावून ऐकलं आणि जे करायचं तेच केलं.

धुळ्याच्या एका वधूवर मंडळाला बायोडेटा आडनावाप्रमाणे लावून छापणारा प्रोग्रॅम हवा होता. मेळावा रविवारी होता. बुधवारी नाना बाहेर होते, कपाट बंद होतं. मी ऑफिसातल्या सगळ्यात जुन्या कॉम्प्युटरवरून लागतील त्या फायली फ्लॉपीवर उचलल्या, धुळ्याला गेले, प्रोग्रॅम बसवला आणि संध्याकाळच्या एस.टी.ने ऐटीत परत आले. शुक्रवारी सकाळी फोन आला. माझा प्रोग्रॅम छान चालत होता, पण ज्याच्यात बायोडेटा टाइप केले होते तो मराठी टायपिंगचा प्रोग्रॅम 'ओपन' म्हटलं की बंदच पडत होता.

मी आणि नाना लगेच निघालो. एस.टी.त मी खिडकीबाहेर बघत बसले. काय झालं असेल ते अमळनेर फाट्याच्या आधीच माझ्या लक्षात आलं होतं. नानांनी डबा उघडून कळण्याची भाकरी आणि भरीत पुढे केलं. मी नको म्हणाले. "खाय पोरी," ते म्हणाले, "उपाशी माणसाला एरर दिसत नाही."

मंडळाच्या खोलीत सात-आठ माणसं जमली होती. कोपऱ्यात बापू बसले होते. बापू म्हणजे निवृत्त प्राथमिक शिक्षक. तीन महिने रोज येऊन त्यांनी दोन बोटांनी शेकडो मुलामुलींचे बायोडेटा टाइप केले होते. चिटणीस सगळ्यांसमोर म्हणत होते, "मी आधीच सांगितलं होतं, हे काम तरुण माणसाला द्या. बापूंनी काहीतरी दाबलं." बापू मान खाली घालून एवढंच म्हणाले, "मनाच हातथीन काहीतरी व्हई गयं व्हई." आयुष्यभर मुलांच्या चुका तपासलेला माणूस न केलेली चूक कबूल करत होता, आणि मी दाराशी पर्स धरून उभी होते.

नाना कॉम्प्युटरपुढे बसले. 'ओपन' दाबलं. पेटी आली नाही. मग त्यांनी त्या पेट्यांच्या फायलीची तारीख काढली. ती आमच्या जुन्या कॉम्प्युटरची होती, माझ्या फ्लॉपीवरची. नानांचं बोट त्या तारखेवर टेकलं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि चिटणिसांना म्हणाले, "जरा पाणी मिळेल का?" पाणी आलं. ते प्यायला नानांनी जितका वेळ लावला तितका मी कुणाला लावताना पाहिला नाही. ग्लास रिकामा झाला तरी ते तो धरून बसले.

"बापूंनी काही केलं नाही," मी म्हणाले. "इथे नवी फाइल होती. मी न बघता तिच्यावर जुनी टाकली. चूक माझी आहे."

नानांनी रुमालात गुंडाळलेली, कपाटातली मूळ फ्लॉपी खिशातून काढली, फाइल बदलली आणि पुन्हा 'ओपन' दाबलं. पेटी आली. यादीत बापूंची सगळी मुलंमुली ओळीने उभी होती. बापूंनी चष्मा काढून पुसला, परत घातला, पहिला बायोडेटा अथपासून इतिपर्यंत वाचला. मग चिटणिसांना म्हणाले, "पोरीला चहा सांगा. घाबरेल शे ती."

परतीच्या प्रवासात नाना घोरत होते. सोमवारी ऑफिसात आल्या आल्या त्यांनी लोखंडी कपाटाची किल्ली माझ्या टेबलावर ठेवली. "आजपासून हे तुझ्याकडे." मला वाटलं, शिक्षा आहे. फ्लॉपींची धूळ पुसायचं काम लावलं म्हातार्‍याने. मी वर्षभर मनातल्या मनात कुरकुरले, आणि एकही फाइल तारीख बघितल्याशिवाय कुठे टाकली नाही.

काही वर्षांनी नाना गेले. मी पारोळ्याला भेटायला गेले तेव्हा तेराव्याची भांडी खोलीत परत जात होती, आणि अक्का, म्हणजे नानांच्या पत्नी, ओसरीवर बसून प्रत्येक पातेलं उलटं करून बघत होत्या. मला रडू आवरेना. काहीतरी बोलायचं म्हणून मी पर्समधली किल्ली काढून दाखवली. "नानांनी दिलेली एक किल्ली माझ्याकडेपण आहे."

अक्कांनी ती हातात घेतली. डोळे ओले होते, तरी त्या हसल्या. "तू काय मोडेल व्हतं?"

मी चपापले. "तुम्हाला कसं कळलं?"

"आमना समाजमा तशीच रीत शे, माय. जो मोडस नि चारचौघमा सांगस, किल्ली त्यानाकडे राहस. त्याना इतकं भांडं कोणीच जपत नही."

मी भांड्यांच्या खोलीकडे पाहिलं. "मग नानांनी काय मोडलं होतं?"

"सर्वात मोठं पातेलं," अक्का म्हणाल्या. "आमनाच लगीनमा."